ग्रॅहमचा उजवा गाल

आमच्या वेअरहाउसमध्ये परत आलेल्या मालाचं एक कपाट होतं. विकला गेलेला माल कोणाच्या लक्षात राहत नाही, परत आलेला मात्र तिथे साठत जातो. झाकण नीट बसत नाही, वास आवडला नाही, नवऱ्याने भलतंच आणलं. माझ्या डोक्यातही तसंच एक कपाट आहे. जे दिवस सरळ गेले त्यातला एकही आठवत नाही, आणि जे बिघडले ते सगळे लेबल लावून ठेवलेत. शनिवारी आपण जमलो की तुम्ही आयटीवाले तुमच्या सर्व्हरच्या गोष्टी सांगता आणि मी निमूट ऐकतो. आज माझं ऐका.

नवीन मंडळींसाठी सांगतो. मी निखिल, मूळचा चिंचवडचा, शिक्षणाने मेकॅनिकल इंजिनिअर. ऑकलंडला बिझनेसचा डिप्लोमा करायला आलो आणि २०१४ साली ईस्ट टामाकीतल्या एका गोडाउनमध्ये जपानी क्रीम विकायला लागलो. एका जपानी कॉस्मेटिक्स कंपनीची न्यूझीलंडची शाखा, म्हणजे आम्ही चार माणसं. साठीच्या ओगावा-सान, आमच्या मॅनेजर. लोसा, सामोआची, पॅकिंग बघायची आणि खरं म्हणजे आम्हा सगळ्यांनाच बघायची. ग्रॅहम, ट्रक ड्रायव्हर, पक्का कीवी, दिवसभरात दहा शब्द बोलला तर खूप. आणि मी, मार्केटिंग असिस्टंट. माझ्या वर्क व्हिसावर याच कंपनीचं नाव छापलेलं होतं. शाखा टिकली तर मी इथे टिकणार, नाहीतर बॅग भरून चिंचवड. तेवढं लक्षात ठेवून पुढचं ऐका, कारण मी ते एक दिवसही विसरलो नव्हतो.

*

इंटरव्ह्यूत ओगावा-साननी मला एकच गोष्ट विचारली.

“तोंड कशाने धुता?”

“साबणाने.”

“कुठल्या?”

“अंगाच्या.”

त्यांनी क्षणभर डोळे मिटले. मग बराच वेळ कागदावर जपानीत काहीतरी लिहीत बसल्या. नोकरी मिळाली. पुढे ओळख वाढल्यावर मी त्यांना विचारलं, तेव्हा त्यांनी फाइलमधून तो कागद काढून वाचून दाखवला. ‘याला या कामातलं काही कळत नाही. पण खोटं बोलत नाही. शिवाय इथल्या अडाणी पुरुष ग्राहकाचा अभ्यास घरबसल्या होईल.’

म्हणजे मला असिस्टंट म्हणून नव्हे, सँपल म्हणून घेतलं होतं.

*

कामाला लागून दोन आठवडे झाले होते. ख्राइस्टचर्चहून एका बाईंचा फोन आला, म्हणे तुमचं लोशन खराब झालंय, नुसतं पाणी आहे. मी माफी मागितली, दुसरी बाटली पाठवली. तीही पाणी. तिसरी पाठवली, तीही पाणी. मग मी इंजिनिअरसारखा विचार केला. गोडाउनमधलं एक अख्खं खोकं उघडलं, एकेक बाटली हलवून पाहिली. सगळ्यांत पाणी. लोशन म्हणजे घट्ट, पांढरं, हाताला चोपडायचं, एवढं तर मला चिंचवडपासून माहीत होतं. ओगावा-सान त्या दिवशी रजेवर होत्या. मी थेट जपानला ईमेल टाकला की आलेला सगळा लॉट बिघडलेला आहे, फोटो सोबत जोडले आहेत.

दुसऱ्या दिवशी उत्तर आलं. अत्यंत नम्र. ‘आपण घेतलेल्या मेहनतीबद्दल आभारी आहोत. जपानमध्ये लोशन हे पाण्यासारखंच असतं. त्यातली एखादी बाटली घट्ट आढळली तर मात्र कृपया तातडीने कळवावे.’

ओगावा-साननी रजेवरून आल्यावर ते उत्तर वाचलं. मग त्या खोक्यातल्या सगळ्या बाटल्यांची झाकणं त्यांनी माझ्याकडून पुन्हा पुसून घेतली.

*

दर तीन महिन्यांनी हेड ऑफिसकडून एक फॉर्म यायचा. न्यूझीलंडच्या ग्राहकांचा कल काय, ऋतूप्रमाणे त्वचेची काळजी कशी बदलते, नवीन मागणी कशाला आहे. तिकडे टोकियोत त्यांना वाटायचं की आमच्याकडे सर्वे करणारी टीम आहे. टीम म्हणजे जेवणाच्या टेबलावर बसलेले आम्ही.

“लोसा, उन्हाळ्यात काय वापरतेस?”

“जँडल्स.”

“आणि थंडीत?”

“जँडल्स आणि मोजे.”

मी तसंच लिहिलं. इथे स्लिपरला जँडल्स म्हणतात हे जपानला कोण सांगणार? त्यांनी शब्दकोशात पाहिलं असावं, कारण दोन महिन्यांनी एक मोठं पार्सल आलं. सोबत पत्र, की पायांच्या निगेबद्दल न्यूझीलंडमध्ये दिसणारी जागरूकता उल्लेखनीय आहे. आत पायाला लावायच्या क्रीमच्या ट्यूबा, गच्च भरलेल्या. मी डोक्याला हात लावला. लोसाने दोन खोकी गाडीत टाकून रविवारी चर्चला नेली आणि सोमवारी रिकामी परत आणली.

“अजून मागव,” म्हणाली. “सामोअन बायकांच्या टाचा तू पाहिल्या नाहीस.”

त्या वर्षी आमच्याकडे सगळ्यांत जास्त खपलेला माल तोच. माझ्या रिपोर्टमधलं हे एकमेव खरं ठरलेलं भाकीत, आणि ते मी केलेलंच नव्हतं.

*

आईचा किस्सा एवढासाच आहे. फोनवर म्हणाली, “काय रे, तिकडे डाळीचं पीठ मिळत नाही का?”

“मिळतं की. कोपऱ्यावरच्या डेअरीत, म्हणजे इथल्या वाण्याकडेसुद्धा मिळतं.”

“मग लोक हे कशाला घेतात?”

मी फोन ठेवला आणि हेड ऑफिसचा फॉर्म भरायला घेतला. फॉर्मवर ‘स्पर्धक’ असा एक रकाना होता, त्यात मी प्रामाणिकपणे डाळीचं पीठ लिहून टाकलं. तिकडून विचारणा आली, ‘उत्पादक कोण?’

*

गणपतीच्या कार्यक्रमाला कम्युनिटी हॉलमध्ये आमचा स्टॉल लागायचा, ओगावा-सान स्वतः साडी नेसून यायच्या. एका वर्षी आपल्या एक काकू आल्या, नाव सांगत नाही, तुम्ही ओळखाल. हळूच मला म्हणाल्या, “जपानी लोकांचं ते गोरं करणारं असतं ना, ते दे.”

आता यावर मी जरा चिडतो, आधीच सांगून ठेवतो. माझी ताई सावळी, आणि तिच्या लग्नाच्या वेळी जे जे ऐकलं ते मी विसरलेलो नाही. मी काकूंना तुटकपणे म्हणालो, तसलं काही नसतं. ओगावा-साननी विचारलं काय झालं. मी इंग्रजीत सांगितलं. त्या शांतपणे म्हणाल्या, “आमचं क्रीम उन्हाचे डाग घालवतं, रंग बदलत नाही. तुमचा स्वतःचा रंग परत मिळतो, इतकंच. पण यांना विचारा, यांना कुणाचा रंग हवाय?”

मी काकूंना तसंच विचारलं. “काकू, कुणासारखं गोरं व्हायचंय, असं विचारतायत.”

मला वाटलं ओशाळतील. काकूंनी मात्र मनापासून विचार केला आणि म्हणाल्या, “आमच्या मोठ्या जाऊबाईंसारखं.”

ओगावा-सानना भाषांतर करून सांगितलं. त्या इतक्या हसल्या की साडी सुटायला आली. शेवटी त्यांनी काकूंना सनस्क्रीन दिलं आणि सांगितलं, जाऊबाईंना मात्र यातलं देऊ नका.

*

सनस्क्रीनवरून आठवलं. माझ्या पहिल्याच उन्हाळ्यात नवीन सनस्क्रीन आलं आणि ओगावा-साननी ठरवलं की आपणच त्याची टेस्ट करायची. आमच्या धंद्यात ती अशी करतात, की चेहऱ्याच्या एका बाजूला लावायचं, दुसऱ्या बाजूला नाही, आणि चार आठवड्यांनी दोन्ही गाल शेजारी शेजारी बघायचे. तोवर रोज सकाळी, न चुकता.

लोसाने तिसऱ्या दिवशी सोडलं. म्हणाली, “नवरा विचारतो, आज कुठल्या बाजूचा मुका घ्यायचा.” मी दुसऱ्या आठवड्यात विसरलो की माझी बाजू डावी की उजवी, आणि घाबरून दोन्हीकडे लावलं. ग्रॅहमला ओगावा-साननी उजवी बाजू दिली होती. इथेही आपल्यासारखंच स्टिअरिंग उजवीकडे. तो रोज दुपारी जेवून दक्षिणेला हॅमिल्टनजवळच्या ‘ते रापा’ नावाच्या भागात माल घेऊन जायचा, आणि सगळा रस्ता खिडकीतून ऊन त्याच्या उजव्या गालावर. तो गाल लालभडक, डागांनी भरलेला. उजव्या कानाच्या टोकाचा एक तुकडा डॉक्टरांनी काढलेला होता. उन्हाने झालं, एवढंच तो सांगायचा.

ग्रॅहमने बाटली घेतली, “स्वीट अ‍ॅज,” म्हणजे ‘चालेल’, एवढं म्हणाला आणि गेला. ओगावा-साननी त्याच्या दोन्ही गालांचे फोटो काढून ठेवले. पण चार आठवडे व्हायच्या आतच आम्ही दोघं नापास झालेलो पाहून त्यांनी फाइल बंद केली. ग्रॅहमला काही सांगायचं कोणाच्या डोक्यातच आलं नाही.

दाराजवळ एक टोपली असायची, खोकं चेपलेला माल स्टाफने फुकट न्यायचा. ग्रॅहम अधूनमधून त्यातून सनस्क्रीनची बाटली उचलायचा. मला वाटायचं, बायकोसाठी नेतो.

*

मग कोरियन कॉस्मेटिक्सची लाट आली. जो तो चेहऱ्याला दहा स्टेप्समध्ये काय काय लावायचं ते बोलायला लागला. मॉलमधल्या आमच्या स्टॉलवर एक पोरगी आली, ओगावा-सानना म्हणाली, “तुमच्या किती स्टेप्स?”

“तीन.”

“फक्त तीन?”

“धुवायचं. लोशन लावायचं. थांबायचं.”

“थांबायचं ही पण स्टेप?”

“तीच सगळ्यांत अवघड,” ओगावा-सान म्हणाल्या. पोरगी पलीकडच्या कोरियन स्टॉलवर गेली. तिच्यामागोमाग बाकीचेही गेले. शेल्फवरचा माल हलेना. सकाळी उठल्या उठल्या मी आधी आदल्या दिवशीच्या विक्रीचे आकडे बघायचो. रेसिडेन्सीचा अर्ज टाकलेला होता, निर्णयाला अजून काही महिने लागणार होते, आणि तोवर ही नोकरी असणं भाग होतं.

*

आता शेवटचा किस्सा.

हेड ऑफिसने किमुरा-सान नावाच्या साहेबांना पाठवलं. शाखा ठेवायची की न्यूझीलंडचं काम सिडनीहून बघायचं, हे ठरवायला. दोन दिवस ते गोडाउनमध्ये फिरले. शेल्फ पाहिले, माझे सगळे रिपोर्ट वाचले, डाळीच्या पिठासकट. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या टेबलावर त्यांनी सांगितलं, अगदी हळू आवाजात, की क्षमा असावी, पण सिडनीच बरं. ओगावा-सान मान खाली घालून ऐकत होत्या. लोसाने डबा बंद केला. माझ्या चिंचवडच्या घराचा जिना डोळ्यासमोर आला, आणि जिन्यात उभं राहून ‘परत आलास का रे’ विचारणारे शेजारी.

तेवढ्यात ग्रॅहम आत आला. “किया ओरा,” म्हणाला, ओव्हनमधून आपला ‘मीट पाय’ काढला आणि टेबलाशी बसून खायला लागला. खिमा भरलेली ती पेस्ट्री म्हणजे त्याचं रोजचं जेवण.

किमुरा-सान बोलता बोलता थांबले. नंतर कळलं की साहेब होण्याआधी त्यांनी वीस वर्षं लॅबमध्ये लोकांचे गाल बघण्यात घालवली होती. ते उठले, खिशातून चष्मा काढला, आणि ग्रॅहमच्या तोंडापासून वीतभर अंतरावर जाऊन उभे राहिले. उजवा गाल पाहिला. मग टेबलाला वळसा घालून डावा पाहिला. मग परत उजवा.

आम्हीही पाहिला. रोज बघत होतो ना, म्हणून कधी दिसलंच नव्हतं. उन्हाकडचा उजवा गाल डाव्यापेक्षा नितळ होता.

ओगावा-सान धावत जाऊन जुनी फाइल घेऊन आल्या. फोटो टेबलावर ठेवला. तोच माणूस, तोच कान, गाल मात्र वेगळा.

“ग्रॅहम, तुम्ही काय लावता?” त्यांनी विचारलं.

“तुम्ही दिलेलं तेच.”

“ती टेस्ट तर तीन वर्षांपूर्वीच बंद झाली.”

“मला कोणी थांब म्हणालं नाही.”

“आणि डाव्या बाजूला?”

“त्या बाजूला लावू नको म्हणाला होतात.”

किमुरा-साननी फोटो काढले. पुढून, बाजूने, खिडकीशी उभं करून, ट्रकमध्ये बसवून. तीन उन्हाळे रोज, कोणी पैसे न देता, ड्रायव्हरच्या सीटवर, असं पुटपुटत होते. जाताना त्यांनी ग्रॅहमला कमरेत वाकून नमस्कार केला. ग्रॅहमनेही तोंडातला घास सांभाळत मान हलवली.

आठवड्याने पत्र आलं. शाखा आणखी एक वर्ष चालू राहील, किमुरा-सान पुढच्या वर्षी स्वतः पाहणीला येतील, तोवर सर्व काही पूर्ववत ठेवावे. लोसाने मला उचललंच, खरोखर जमिनीपासून उचललं. त्या वर्षातच माझी रेसिडेन्सी झाली. आज तुमच्यासमोर बसून बडबड करतोय ती त्या गालाच्या जिवावर.

पत्र आलं त्या दुपारी ओगावा-सान सनस्क्रीनचं एक अख्खं खोकं घेऊन ट्रकपाशी गेल्या. मीही मागे गेलो. त्यांनी ते सीटवर ठेवलं आणि म्हणाल्या, “ग्रॅहम, टेस्ट संपली. माझी चूक झाली, तुम्हाला आधीच सांगायला हवं होतं. आता दोन्ही बाजूंना लावा.”

ग्रॅहमने ट्रक सुरू केला, उजवा हात खिडकीवर टेकवला.

“छे,” तो म्हणाला. “मग पुढच्या वर्षी त्याला काय दाखवणार?”