खुर्ची चार बोटं सरकवा

आमचे धाकटे भाऊजी चष्म्याच्या दुकानात काचा घासतात. लग्न केलं नाही, बोलणं मोजकं. घरात सगळे त्यांना मौनीबाबा म्हणतात. फावल्या वेळात ते एकटेच छोट्या फिल्म बनवतात. दोन मी पाहिल्या होत्या. एकीत रिकामा कोट जिना चढतो, दुसरीत चमचे पाण्याखाली झोपतात. मला ओ की ठो कळलं नाही.

तिसरी अकरा वर्षं चालली होती. रोज सकाळी कामावर जाण्याआधी आपल्या वरच्या खोलीचा एकच फोटो, त्याच कोनातून. आदल्या दिवसापेक्षा खुर्ची चार बोटं पुढे. असे चोवीस दिवस घासले की पडद्यावर एक सेकंद. माणूस खुळा आहे, असं मी आमच्या ह्यांना स्पष्ट सांगितलं होतं.

मग त्यांचं अपेंडिक्स फुटलं. स्ट्रेचरवरून त्यांनी किल्ली माझ्या हातात दिली.

"वहिनी, रोज आठला बटण दाबा. खुर्ची चार बोटं सरकवा. बाकी कशाला हात लावू नका."

एकोणीस दिवस मी गेले. पण पहिल्याच दिवशी पाहिलं, तर अंथरूण विस्कटलेलं, कपाटाच्या आरशावर बोटभर धूळ, खुर्ची वाटेत मधोमध. माझे हात शिवशिवले. केर काढला, चादर ताणून घातली, आरसा लख्ख पुसला, खुर्ची भिंतीला लावली. म्हटलं, चार बोटं इथून मोजू, काय बिघडतं?

दोन महिन्यांनी त्यांनी मला फिल्म बघायला वर बोलावलं. भिंतीवर खुर्ची आपली आपण खोलीभर फेऱ्या मारत होती. खिडकीतलं झाड फुलायचं, वाळायचं, पुन्हा फुलायचं. मी हरखून बघत होते. एवढ्यात खुर्ची उडी मारून भिंतीला गेली, अंथरूण नीटनेटकं झालं, आणि आरशात कॅमेऱ्यामागे वाकलेली एक बाई दिसली. मीच. पापणी लवेपर्यंत पडदा काळा.

"पुढचे फोटो?"

"काढले नाहीत. संपली."

अकरा वर्षांचं मी मातेरं केलं होतं.

"भाऊजी, माझं तेवढं कापून टाका. एक सेकंदसुद्धा नाही ते. तुमची खोली पुन्हा होती तशी करून देते."

त्यांनी फिल्म मागे नेली आणि माझ्यावर थांबवली.

"वहिनी, अकरा वर्षांत या खोलीत दुसरं कोण आलंय?"

ते रागावले नव्हते. दुकानात चष्म्याचा नंबर सांगावा तसं सांगत होते. मला मात्र लाज वाटली. आम्ही खालच्याच मजल्यावर राहतो.