मावशीनं वाचलेला शेवट

‘जीबीएस आहे,’ डॉक्टरबाई म्हणाल्या. ‘गुलियन बारे सिंड्रोम. रोगाशी लढणारी आपल्या अंगातली ताकद चुकून आपल्याच नसांवर उलटते. आधी पाय जातात, मग हात. बहुतेक लोक बरे होतात, पण वेळ लागतो.’

मी फक्त ‘पाय जातात’ एवढंच ऐकलं. तिकडं हिंगोलीकडच्या आमच्या गावात वडील अर्धांगानं अंथरुणाला खिळलेले. त्यांना सोडून आईला येता येत नव्हतं. त्यात मीही पडलो तर एका घरात दोघांना उचलायचं कुणी? आईला फोनवर सांगितलं, ताप आहे, उतरेल.

मी नववीतून शाळा सोडलेला माणूस. हिंजवडीत एका कंपनीच्या गेटवर सिक्युरिटीत आहे, खोली जवळच्याच माण गावात. सुरुवात साध्या जुलाबानं झाली. ते थांबले, पण नंतर पायाच्या बोटांना मुंग्या यायला लागल्या. वाटलं, उभं राहून येत असतील. मग एकदा ड्युटीवरून येताना मागून कुणीतरी हाक मारली. माझी एक चप्पल रस्त्यात मागंच राहिली होती आणि मला पत्ताच नव्हता. तुमचं असं झालं तर घरी जाऊन पाय चोळत बसू नका. सरळ मोठा दवाखाना गाठा.

मला पुण्याला नेलं ते घरमालकीण सुमनमावशीनं. तिथं नर्व्ह कंडक्शन झाली, म्हणजे नसांना बारीक करंट देऊन त्या किती जाग्या आहेत ते बघतात. मग पाठीतलं पाणी काढलं. नाव भयंकर वाटतं, पण दुखतं इंजेक्शनइतकंच. मग आयव्हीआयजी सुरू झालं. ते सलाईनसारखं थेंबथेंब जातं आणि उलटलेली ताकद शांत करतं.

रोज डॉक्टरबाई म्हणायच्या, ‘एका श्वासात आकडे म्हणा.’ श्वासाचे स्नायू किती टिकलेत ते त्यावरून कळतं. आकडे फार खाली आले तर मशीन लावावं लागणार होतं.

तोवर हातही गेले होते. माशी बसली तर उडवता येईना. मावशी भेटायच्या वेळेला यायची आणि सोबत तिच्या लेकीची, प्रियांकाची पुस्तकं आणायची. प्रियांका नोकरीला बेंगळुरूला. शाळेत असल्यापासून ती एकाच लेखिकेच्या कादंबऱ्या घ्यायची, सगळ्या चौदा-पंधरा वर्षांच्या पोरांच्या. एकीत दहावीला नापास झालेली मुलगी, एकीत आईबाप वेगळे झालेला मुलगा. ही पोरं शहाण्यासारखं बोलायची आणि येड्यासारखं वागायची. त्या वयात मी वीटभट्टीवर होतो. शाळेतली भांडणं, रुसवे, मधल्या सुट्टीतल्या गप्पा मला त्या पलंगावर मिळाल्या.

मावशी सातवी शिकलेली. धडा वाचावा तसं सूर लावून वाचायची आणि मध्येच लेखिकेला शिव्या घालायची. ‘लई रडवती ही बया. हिला सुखानं जगवतच न्हाई कुणाला.’

तिसरी कादंबरी निनादची. कोथरूडच्या फ्लॅटमध्ये राहणारा, क्रिकेटवेडा, रक्ताचा आजार झालेला. त्या दिवशी माझा श्वास आदल्या दिवशीच्या आकड्याच्या बराच अलीकडं संपला होता. मावशी शेजारीच उभी होती. डॉक्टरबाई गेल्यावर तिनं पुस्तक उघडलं. एक पान वाचलं, पान उलटलं आणि तिथंच अडली. मग घसा खाकरून म्हणाली,

‘मग डॉक्टर आला. म्हनला, निनाद, ऊठ. तुला काय झालेलं न्हाई. घरी जा आन् म्हशीचं दूध पी. मग त्याची आई म्हनली, चल बाळा, शेतावर जाऊन येऊ.’

शेजारच्या पलंगावरचे काका म्हणाले, ‘अहो बाई, कोथरूडात कुठलं शेत?’

‘व्हतं की पूर्वी. इकलं आसंल.’

‘मग विकलेल्या शेतावर जाऊन काय करणार?’

‘तुमी गप पडा वो. पुस्तक म्या वाचतीया का तुमी?’

मला हसू आलं, आणि हसतानाच सगळं कळलं. आजाऱ्याच्या उशाशी मरणाचं अक्षर उच्चारू नये, हे आमच्याकडंही पाळतात. मावशी पाळत होती, म्हणजे माझं काही खरं नाही असं तिलाही वाटत होतं.

त्या संध्याकाळी मी डॉक्टरबाईंना सरळ विचारलं. त्या पलंगाच्या कडेला बसल्या. ‘औषधाला वेळ लागतो, गजानन. उद्या-परवा श्वास टिकला तर तुम्ही वाचलात. नाही टिकला तर काही दिवस मशीन. तो शेवट नसतो.’

खोटं न बोलता धीर देणारं माणूस मी पहिल्यांदा पाहिलं. दुसऱ्या दिवशी आकडे तेवढेच राहिले. त्याच्या पुढच्या दिवशी दोननं वाढले आणि सिस्टरनी काकांसकट सगळ्या वॉर्डला सांगितलं. मग हाताची बोटं हलली, मग खांदे. पाय सगळ्यात शेवटी. फिजिओथेरपी, म्हणजे रोजचा व्यायाम, करताना रडू येतं. येऊ द्या, पण व्यायाम चुकवू नका.

माझी खोली वरच्या मजल्यावर. दवाखान्यातून सुटल्यावर मावशीनं मला खाली प्रियांकाच्या खोलीत ठेवलं. का, असं मी विचारलं तर म्हणाली, ‘जिन्यावरनं पडलास तर तुला उचलायचं कुनी? मला कंबर न्हाई.’

बोटांत जोर आल्यावर पहिलं ते पुस्तक काढलं. त्यात शेवटी निनाद मरतो. वाचून मला भीती वाटली नाही. त्याचे मित्र मैदानावर जातात, त्याच्या जागी कुणाला उभं करायचं यावरून भांडतात आणि शेवटी दहाच जण खेळतात. मला ते बरोबर वाटलं.

एका दुपारी मावशी ओसरीवर तांदूळ निवडत होती. वर न बघता म्हणाली, ‘गजा, त्यो पोरगा जगला का रं?’

‘तुम्ही वाचलं नाही?’

‘कुटं? त्याची आय त्याचा हात धरून बसली, तितंच थांबले. म्होरं नजर जाईना.’

म्हणजे तिला काहीच ठाऊक नव्हतं. फक्त मला भीती वाटू नये म्हणून ती त्या पानाच्या पुढं माझ्यासाठी रस्ता करत गेली होती. मी शेवटचं प्रकरण तिला वाचून दाखवलं. तिनं सूप बाजूला ठेवून ऐकलं, पदरानं नाक पुसलं.

‘बया लई वंगाळ हाय,’ ती म्हणाली. ‘पर खरं लिवती.’

मग आतल्या कपाटाकडं हात केला. ‘जा, दुसरं आन. आन् मधलं एक बी अक्षर गाळू नगं.’

मी भिंतीला हात न लावता उठलो. इतके दिवस मी उठलो की ती ‘जपून रं’ म्हणायची. आज तिनं पुन्हा सूप ओढून घेतलं आणि तांदूळ निवडायला लागली.