मिशीवाली सवत

माझ्या सवतीला मिशा आहेत. हुपरीचा गडी, माझ्या नवऱ्याच्याच पलटणीतला. कमांडोच्या ट्रेनिंगमध्ये दोघादोघांची जोडी लावतात आणि जोडीदाराला ‘बडी’ म्हणतात. एकाचं चुकलं की शिक्षा दोघांना. पाठीवर ओझं घेऊन पळायचं, जंगलात भुकेलं पडून राहायचं आणि मिळेल ते एकाच डब्यात निम्मं निम्मं खायचं. हे सगळं नवऱ्यानंच मला कौतुकानं सांगितलं. आमच्या सप्तपदीचं त्याला कधी एवढं कौतुक वाटलं नव्हतं!

सुट्टीवर आला की राजारामपुरीतल्या आमच्या फ्लॅटमध्ये तो जेवायला बसायचा आणि निम्मी भाकरी मोडून ताटाच्या कडेला सारायचा. तांबडा रस्साही निम्मा वाटीत तसाच.

“आवडलं न्हाय व्हय तुमास्नी?”

“आवडलं की. बडीचा वाटा ठेवायची सवय लागलीया.”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्याच्यासाठी जेवायची थांबलेली मी समोर बसले होते आणि वाटा त्या हुपरीवाल्याचा!

यंदा सीमेवर तणाव वाढला आणि दोघांचीही सुट्टी अर्ध्यात रद्द झाली. दोघांनी बरोबरच निघायचं ठरलं. मी मुद्दाम दोन डबे भरले. ज्याचं त्यानं खावं.

बडी दारात आला, डबे बघून हसला. “दोन कशाला वहिनी? आमी एकातच खातो की.”

मी काही बोलणार, तेवढ्यात त्यानं नवऱ्याच्या पाठीवरच्या बॅगेला हात घातला. नवरा न सांगता वळला, यानं सैल पट्टा आवळला. मला हेवा वाटला, खूप वाटला. पण हेही कळलं, की तिकडं गोळी लागली तर माझ्या माणसाला ओढून आणणारे हात हेच.

मी आत जाऊन सगळ्या भाकरी एकाच डब्यात कोंबल्या. डबा नवऱ्याकडं न देता बडीच्या हातात दिला.

“माणूस माझा हाय. परत आणून द्यायचा.”

“व्हय, वहिनी.” या वेळी तो हसला नाही.

ते गेल्यावर मी अंबाबाईच्या देवळात गेले. हात जोडले आणि आधी सवतीसाठी आयुष्य मागितलं. जळत जळतच मागितलं.