आभाळातली तहान

कामावर त्याला कुणी नावाने हाक मारत नसे. उंच क्रेनच्या काचेच्या केबिनमध्ये दिवसभर बसणारा, म्हणून सगळ्यांसाठी तो 'वरचा'. सळया चढायला उशीर झाला की मुकादम हात जोडून म्हणायचा, "आता सगळं वरच्याच्या हातात!" आणि खालची मंडळी खो खो हसायची.

वरच्यालाही ते आवडायचं. का आवडू नये? सकाळी शिडी चढून तो केबिनमध्ये पोचायचा तेव्हा खाली धुकं असायचं आणि त्यातून अर्धवट इमारतींची नुसती डोकी वर आलेली असायची. पायांखालीसुद्धा काच. एक वजन उतरलं आणि दुसरं बांधून व्हायचंय, तेवढ्या वेळात तो उघड्या डोळ्यांनी तरंगत राहायचा. घरी 'हो' आणि 'नाही'पलीकडे न बोलणारा हा माणूस वर बसून ढगांशी गप्पा मारतो, हे त्याच्या बायकोला सांगितलं असतं तरी पटलं नसतं.

एकदा चढलं की संध्याकाळीच उतरायचं, हा त्याचा बाणा. मध्ये उतरलं तर खालचं सगळं काम खोळंबतं. बाकीचे ऑपरेटर सोबत रिकामी बाटली नेतात आणि मोकळे होतात. याला ते रुचत नसे. इतक्या स्वच्छ आभाळात असलं काही करणं म्हणजे पाहुण्यांच्या बैठकीत थुंकण्यासारखं, असं त्याचं म्हणणं. मग यावर उपाय काय? पाणीच प्यायचं नाही! सकाळचा चहा पोटात गेला की थेट संध्याकाळी घसा ओला. दिवसभर वाकून खाली बघून मान धरायची, तिच्यासाठी खिशात दुखण्याची गोळी. रोज एक, मान फारच कुरकुरली तर दोन, त्याही कोरड्याच गिळायच्या. हुकाला लावलेल्या वजनाचा किलो-किलोचा हिशेब ठेवणाऱ्या माणसाने स्वतःच्या शरीरावर वर्षानुवर्षं काय लादलं होतं, ते बघायचं मात्र राहून गेलं.

ऑपरेटरांची दरवर्षी तपासणी होते. त्या वर्षी डॉक्टरीणबाईंनी त्याला पुन्हा बोलावलं. बायकोही बरोबर गेली.

"तुमची मूत्रपिंडं कमी गाळताहेत," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "मिनिटाला ती किती रक्त गाळतात, याचा अंदाज रक्तात साठणाऱ्या क्रिएटिनिन नावाच्या कचऱ्यावरून काढतात. साधारण नव्वदच्या वर असलं की छान. तुमचा आकडा बेचाळीस आहे."

"पण मला काहीच होत नाही. दुखत नाही की सूज नाही."

"तेच तर. निम्म्याहून जास्त काम बंद पडलं तरी ती हूं की चूं करत नाहीत."

वरचा चक्रावला. त्याच्या क्रेनवर वजन जरा जास्त झालं की घंटा ठणाणा बोंबलायची. पोटातल्या यंत्राला घंटाच नाही, हा कुठला न्याय?

"मग भरपूर पाणी प्यालो तर धुऊन निघेल ना?"

"ते काय तुंबलेलं गटार आहे? तहान मारू नका, एवढं पुरे. आणि गोळ्या कुठल्या घेता?"

त्याने बायकोकडे न बघता खिशातलं पाकीट काढून टेबलावर ठेवलं. बायकोने ते पहिल्यांदाच पाहिलं.

"आजपासून ही बंद," डॉक्टरीणबाईंचा आवाज चढला. "पाणी नाही आणि वर रोज ही गोळी! रक्तदाबही वाढलाय, मीठ कमी करा. एका आकड्यावर मी शिक्का मारत नाही, तीन महिन्यांनी पुन्हा बघू. गेलेलं सगळं परत येईल असं नाही, पण उरलेलं सांभाळता येतं."

"आणि नाही सांभाळलं तर?" बायकोने विचारलं.

"तर कधीतरी मशीनवर रक्त गाळून घ्यायची वेळ येईल."

"आणि क्रेन?" वरचा म्हणाला.

बायकोने कपाळाला हात लावला.

दुसऱ्या दिवसापासून तो दुपारी खाली उतरू लागला. "अरे, वरचाच खाली यायला लागला तर आम्ही बघायचं कुणाकडे?" मुकादम करवादला. पाणी जमलं हो, पण मान ऐकेना. गोळीशिवाय दुपारनंतर ती लाकडासारखी व्हायची. बायकोने पाकीट फेकून दिलं होतं, तरी एक गोळी त्याने केबिनमध्ये सीटच्या मागे दडवली होती. माणूसच तो.

एका ढगाळ दुपारी केबिन ढगात बुडाली. खालून थांबायचा निरोप आला आणि त्याचे डोळे जड झाले. एका ओलसर, मंद उजेडाच्या खोलीत तो उभा होता. दोन म्हाताऱ्या मावश्या बसून काहीतरी चाळत होत्या. भिंतीवर कितीतरी चाळण्या टांगलेल्या होत्या, सगळ्या फाटलेल्या. मावश्यांचे हात थकले होते, पण थांबले नव्हते.

"मला हाक का नाही मारलीत?" त्याने विचारलं.

"मारली की," थोरली म्हणाली. "पण तू वर होतास."

तेवढ्यात वॉकीटॉकी खरखरला. ढग सरला होता. त्याने सळयांचा भारा उचलला, आणि तो अर्ध्यावर गेला असताना मान अशी धरली की डोळ्यांपुढे काजवे चमकले. भारा हवेत थांबला. खाली माणसं. त्याचा हात आपसूक सीटच्या मागे गेला. गोळी बोटांत आली. गिळली असती तर तासाभरात मान सुटली असती, आणि मग उद्याही एक लागली असती, परवाही एक.

त्याने ती सोडून दिली. दात आवळून, इंच-इंच करत भारा जमिनीला टेकवला.

"काय झालं रे?" मुकादम ओरडला.

"काही नाही. उद्यापासून दुसरा माणूस बघा."

मुकादमाने डोक्यावरचं हेल्मेट काढून वर केबिनकडे पाहिलं.

त्याला सामानाच्या गोदामात काम मिळालं. खिडकी नाही, डोक्यावर पत्रा. तीन महिने झाले तेव्हा दोघं पुन्हा डॉक्टरीणबाईंकडे गेले.

"चव्वेचाळीस," त्या म्हणाल्या.

"दोनच वाढले?" बायकोने विचारलं.

"घसरला नाही, हे बघा. असंच सांभाळलंत तर बरीच वर्षं निघतील."

बायकोने मोठा श्वास सोडला. वरच्याच्या मनात आलं, दोन आकड्यांसाठी अख्खं आभाळ सोडलं आपण. आणि त्याला तिथेच, डॉक्टरीणबाईंसमोर, रडू फुटलं. बायकोला वाटलं, आनंदाने रडताहेत. तिने त्याच्या पाठीवरून हात फिरवला, आणि त्याने तिचा गैरसमज तसाच राहू दिला.