आदेश मिळालाच नाही

कापसाचे भाव पडले होते त्या वर्षी शेजाऱ्यानं आमच्या शेताचा रस्ता अडवला. तो मोकळा करा, हा हायकोर्टाचा आदेश मी स्वतः तहसीलदारांच्या हाती दिला. चार महिने काहीच हललं नाही. अवमान याचिका केली, तेव्हा ते म्हणाले, "आदेश मिळालाच नाही."

"त्यायले माहीत होतं, हे आपल्याले सिद्ध करा लागते," वकील म्हणाले. तहसीलच्या आवक रजिस्टरात तर नोंदच नव्हती. मला रजिस्टर लिहिणाऱ्या बाबूचा, मग वकिलांचाही संशय येऊ लागला : सगळे तहसीलदारांना सामील तर नाहीत?

बायको म्हणाली, "आदेश दिल्यावर रस्त्यासाठी मी तहसीलीत अर्ज केलता, त्याचं उत्तर पाहा ना."

उत्तरावर तहसीलदारांचीच सही होती : कोर्टाचा आदेश पाहिला, सवडीनं बघू.

कोर्टात त्यांनी माफी मागितली, रस्ताही मोकळा केला. बाहेर माझ्याकडे पाहून ते हसले. ते हसणं मला अजूनही खरं वाटत नाही.