दाखल्यातलं वय

त्या प्रकरणाची फाईल कधीच बंद झाली. पण एका आईचा जबाब मी आजतागायत विसरलेले नाही.

कापसाची वाईट वर्षं होती. मी नुकतीच उपनिरीक्षक म्हणून यवतमाळ जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या एका ठाण्यात रुजू झाले होते. इंग्रजी शाळेतून आलेली, मोजकं बोलणारी. ठाण्यात त्याची थट्टा चाले.

खरेदी केंद्रावर बैलगाड्यांची चार दिवस रांग होती. प्रत ठरवणाऱ्याने एका बंजारा शेतकऱ्याचा कापूस ओला म्हणून परत केला आणि वर आईवरून शिवी दिली. शेतकऱ्याच्या मुलाने गाडीची उभारी, कडेचा उभा दांडा, उपसली आणि त्याच्या डोक्यात घातली. माणूस वाचला, गुन्हा मात्र खुनाच्या प्रयत्नाचा नोंदला गेला. मुलगा पळाला. तिसऱ्या दिवशी खबर आली की तो मुकुटबनकडे मामाच्या तांड्यावर आहे. आम्ही त्याला सकाळीच ताब्यात घेतलं.

चौकशीत त्याने काहीच लपवलं नाही. वय विचारलं तर म्हणाला, "अठरा. शाळेत तसंच हाय." बापाने शाळेचा दाखला आणून दिला. जन्म एक जुलैचा, वय अठरा वर्षं चार महिने. म्हणजे उद्या न्यायालय आणि नंतर मोठ्या माणसांबरोबर तुरुंग. पण त्याचा आवाज अजून फुटत होता. मी ते ठाणेदारांना सांगितलं.

ते हसले. "मॅडम, तुमच्या शाळेत केक कापत असतील. इथं अख्ख्या तालुक्याचा बड्डे एक जुलैला असतो. दाखला आहे ना? झालं."

आमचे जमादार स्वतः तांड्यातले. ते हळूच म्हणाले, "तारीख नका विचारू, मॅडम. धुंड विचारा." वर्षभरात जो मुलगा जन्मतो, त्याची होळीला धुंड होते, नाव ठेवतात, सगळा तांडा नाचतो, ती होळी आई विसरत नाही, असं त्यांनी समजावलं.

दुपारी आम्ही मुलाच्या घरी गेलो. आई दारात सरकी वेगळी करत बसली होती.

"पोराची धुंड कोणत्या होळीला झाली, याडी?" जमादारांनी त्यांच्या बोलीत आई म्हणून हाक मारत विचारलं.

तिचे हात थांबले. "कोणत्या पोराची?"

आमच्याबरोबर आलेल्या बापाने मान खाली घातली. आम्हाला त्याने एकच मुलगा सांगितला होता.

"बोल आता," ती त्याला म्हणाली. "कायले लपवतं?"

"शाळेत खोटं सांगतलं म्हून साहेब मलेच आत टाकतीन!"

"मंग त्याले टाकू दे का?"

मग तीच बोलली. मोठ्याचं नाव शाळेत घातलं आणि दोन महिन्यांत तो तापाने गेला. पुढे धाकट्याला शाळेत नेलं तेव्हा गुरुजी नवे होते. त्यांनी पटावरचं नाव वाचलं आणि बापाने हो म्हटलं. नाव लिहिलेलंच होतं. धाकटा तेव्हा जेमतेम चार वर्षांचा. पुढे घरातही तेच नाव रुळलं. ती मात्र त्याला कधीच त्या नावाने हाक मारत नव्हती.

ग्रामपंचायतीच्या मृत्यूनोंदीत ते नाव सापडलं, जे आमच्या अटकेच्या कागदांवर होतं. जन्मनोंदीत मोठ्याच्या जन्मानंतर दोन वर्षांनी त्याच आईबापांचा दुसरा मुलगा होता, नावाची जागा कोरी. म्हणजे मुलाला सतरावं लागून चारच महिने झाले होते. मी दोन्ही उतारे घेऊन परत आले. ठाणेदारांनी ते दोनदा वाचले. "बाल न्याय मंडळाकडे न्या," एवढंच म्हणाले.

मंडळापुढे आईने जबाब दिला. मोठा भाऊ होता, हे मुलगा तेव्हा पहिल्यांदा ऐकत होता. सदस्य बाईंनी विचारलं, "मग याचं नाव काय ठेवलं होतं?"

धुंडीच्या दिवशी ठेवलेलं नाव तिने सांगितलं. ते मी इथे लिहीत नाही. मुलगा तिच्याकडे वळला. मग म्हणाला, "याडी, पुन्हा म्हण ना."

तिने पुन्हा म्हटलं. शिपायाने त्याला निरीक्षणगृहाकडे नेलं, तेव्हा ती व्हरांड्यातून त्याच नावाने हाका मारत होती आणि तो दर हाकेला वळत होता.

पुढे नोकरी सोडेपर्यंत कुणाचंही वय तपासताना मी घरी जाऊन आधी आईला विचारलं, तुम्हाला एकूण मुलं किती झाली? उत्तर यायला वेळ लागे. मी थांबत असे.