शून्यावर आणलेला आकडा

काही महिन्यांपूर्वी घरातला प्रिंटर अडून बसला. स्वतःचं तोंड साफ करताना तो दर वेळी थोडी शाई वाया घालवतो, ती पोटातल्या स्पंजात मुरते आणि किती मुरली ते तो मोजत राहतो. आकडा भरला की छपाई बंद. दुरुस्तीवाला फोनवर म्हणाला, "साहेब, स्पंज बदला. नुसता आकडा शून्यावर आणलात तरी चालू होईल, पण शाई आतच राहील."

मी अर्थातच आकडा शून्यावर आणला. प्रिंटर मुकाट्याने कागद सोडू लागला, आणि मला स्वतःच्या हुशारीचं कौतुक वाटलं.

ते कौतुक ओळखीचं होतं. दर संक्रांतीला बायकोच्या हातावर तिळगूळ ठेवताना मला तसंच वाटतं. वर्षभर तिच्यावर खेकसायचं, पाहुण्यांसमोर "तुला काय कळतंय त्यातलं" म्हणायचं, आणि त्या दिवशी "गोड बोला" म्हणून मोकळं व्हायचं. तीही हसून तिळगूळ तोंडात टाकते. माझ्या लेखी पाटी कोरी. हे लिहितानाही शरम वाटते.

आज प्रिंटर सरकवला तर खाली काळा ओघळ. सवयीने मी ओरडलो, "रोज इथे पुसतेस, तुला दिसलं नाही?"

मग पाहिलं, प्रिंटरच्या जागी टेबलावर तिच्या जुन्या साडीची चौपदरी घडी होती, शाईने चिंब झालेली.

"कधीच दिसलं होतं," ती म्हणाली, आणि भिजलेली घडी काढून तिथे दुसरी कोरडी घडी ठेवली.